'परफेक्ट ब्लू' : तिच्या नावाने 'मी' कोण लिहितंय?

खडीसाखर | शनिवार, रात्री ११:२०

(सगळं रहस्य फोडलेलं आहे. सिनेमा पाहायचा असेल तर ८१ मिनिटांनी परत या, धागा कुठे पळून जात नाही. आणि ॲनिमेशन आहे म्हणून पोरांना घेऊन बसू नका. हे कळकळीने सांगतेय.)

काल सातोशी कोनचा जपानी ॲनिमेशनपट 'परफेक्ट ब्लू' तिसऱ्यांदा पाहिला. पहिल्यांदा हॉस्टेलवर पाहिला होता, चौघी एका कॉटवर आणि मांडीवर लॅपटॉप. संपल्यावर पहाटेपर्यंत एकच वाद: खून कोणी केले, कुठला प्रसंग खरा, कुठला मनातला. एकीने तर वहीत बाण काढून तक्ता केला. दुसऱ्या वेळी तो तक्ता डोक्यात ठेवून पाहिला आणि बऱ्यापैकी जुळलाही. जुळल्यावर 'बरं, मग?' असं झालं. कोडं सुटलं आणि अंगावर आलेला काटा तसाच राहिला.

ज्यांनी खूप पूर्वी पाहिलाय त्यांच्यासाठी थोडक्यात: मिमा किरिगोए 'चॅम' नावाच्या तीन मुलींच्या गटात गाते. झालरीचे फ्रॉक, डोक्याला रिबिनी, समोर शे-दोनशे पुरुष. कंपनी ठरवते की गाण्यात आता पैसा नाही, हिला अभिनेत्री करू. तिला 'डबल बाइंड' नावाच्या टीव्ही मालिकेत फुटकळ भूमिका मिळते. पहिल्या दिवशी वाट्याला एकच वाक्य, "तू कोण आहेस?" मग भूमिका वाढवून देतो म्हणून बलात्काराचा प्रसंग, मग उघडी छायाचित्रं. एकेक माणसाचा खून होत जातो आणि मिमाला आपण कुठे आहोत हेच कळेनासं होतं.

मला बोलायचंय ते वेबसाइटबद्दल. मिमाला चाहत्याचं पत्र येतं, 'मिमाची खोली मी रोज बघतो' अशा अर्थाचं. ती खोली म्हणजे इंटरनेटवरचं एक पान. १९९७ चा सिनेमा आहे, मिमाला इंटरनेट म्हणजे काय हेच ठाऊक नाही. मॅनेजर रूमी शेजारी बसून तिला शिकवते. पान उघडतं. मिमाच्या नावाने कुणीतरी रोजनिशी लिहितंय. आधी ती हसते. आगगाडीतून उतरताना आपण कुठलं पाऊल आधी टाकतो हे लिहिणाऱ्याला माहीत आहे! मग वाचता वाचता आजच्या बाजारहाटाचा तपशील येतो, आणि हसू थांबतं.

इथवर सगळ्यांनाच आठवतं. काल मला वेगळंच दिसलं. पुढे त्या पानावरची खोटी मिमा लिहायला लागते की मला हे काम करायचं नव्हतं, माझ्याकडून करून घेतलं. आणि खरी मिमा त्याच वेळी सेटवर सगळ्यांना सांगत असते की मी ठीक आहे, मला चालेल. म्हणजे तोतया खरं बोलतेय आणि खरी खोटं. घरी आल्यावर टाकीतले मासे मेलेले दिसतात तेव्हा ती गादी उपसते, वस्तू फेकते आणि म्हणते की मला कशाला करावंसं वाटेल असलं काही! सिनेमाभरात तिच्या तोंडून निघालेलं हे एकच न घासलेलं वाक्य, आणि ऐकायला खोलीत कुणी नाही.

तर खून कोणी केले यापेक्षा मला हा प्रश्न मोठा वाटतो: तिच्या नावाने 'मी' लिहायचा अधिकार कुणाचा? बोला.

शिळी_भाकरी | शनिवार, रात्री ११:४१

रुमाल टाकून ठेवते. सिनेमा पाहिलेला नाही, पण परिच्छेद तीनपर्यंत आले आणि ब्रेक मारला. पाहून येते.

नाक्यावरचा | रविवार, रात्री १२:०५

म्हणजे 'मिमाची खोली' हा जगातला पहिला डुआयडी (दुसऱ्या नावाने काढलेला खोटा आयडी) म्हणायचा. आणि आपल्याकडच्यासारखाच, मूळ आयडीपेक्षा जास्त लोकप्रिय. (हलके घ्या.)

खडीसाखर | रविवार, रात्री १२:१२

हलके कसलं घेऊ, हेच तर म्हणतेय मी. :)

रेघोटी | रविवार, सकाळी ९:३०

चांगला धागा. मी बारा वर्षं ॲनिमेशनमध्ये की-फ्रेम (हालचालीतली मुख्य चित्रं) काढतोय, तेव्हा कारागिराच्या बाजूने थोडं.

हा सिनेमा मुळात माणसं घेऊन, कॅमेऱ्याने करायचा ठरला होता. योशिकाझू ताकेउची यांची १९९१ ची कादंबरी. जानेवारी १९९५ मध्ये कोबेचा भूकंप झाला, निर्मितीचं गणित कोलमडलं आणि तुटपुंज्या पैशांत थेट व्हिडिओसाठी ॲनिमेशन करा असं ठरलं. ते काम मॅडहाउस स्टुडिओकडे आलं आणि तोवर एकही सिनेमा दिग्दर्शित न केलेल्या सातोशी कोनकडे. कोन तोवर चित्रकथा काढायचा, दुसऱ्यांच्या सिनेमांचे लेआउट करायचा. आयडॉल (म्हणजे 'चॅम'मधल्या मिमासारखी मुलगी), भीती आणि मागे लागलेला चाहता एवढ्या तीन गोष्टी ठेव, बाकी हवं ते कर, अशी मोकळीक त्याला मिळाली. मालिकेतली मालिका, दोन मिमा, हे सगळं त्याने आणि पटकथाकार सादायुकी मुराई यांनी रचलं. ऑगस्ट १९९७ मध्ये माँट्रियलच्या महोत्सवात दाखवला गेला, जपानमध्ये थेटरात लागायला फेब्रुवारी १९९८ उजाडला.

आता मुद्दा. कॅमेऱ्याच्या सिनेमात स्वप्न दाखवायचं तर काहीतरी फरक करावा लागतो: उजेड बदला, कडा धूसर करा, आवाज घुमवा. प्रेक्षकाला खूण मिळते. चित्रात मिमाही हाताने काढलेली आणि तिला दिसणारी दुसरी मिमाही त्याच हाताने काढलेली. तीच रेघ, तोच रंग, तेवढीच जाडी. कोनने मुद्दाम खूण ठेवली नाही. दुसरी मिमा रस्त्यावरच्या दिव्यांच्या खांबांवरून टुणटुण उड्या मारत जाते तेव्हाही तिची रेघ पातळ होत नाही. मग आपण 'खरी' कशाला म्हणायचं? कागदावर दोघी सारख्याच खोट्या.

आणि सुरुवात पुन्हा पाहा. रंगमंचावर मिमा गिरकी घेते आणि ती गिरकी घरी किंवा दुकानात पुरी होते. हालचाल एक, जागा दोन. हे सगळं खून सुरू व्हायच्या कितीतरी आधीचं, तिचं डोकं ठिकाणावर असतानाचं. पुढे ती घाबरून अंथरुणात दचकून उठते, पुन्हा उठते, पुन्हा उठते, तेव्हा जोडकाम तेच आहे, फक्त आपल्याला आता त्याची भीती वाटते. एकही जादा पैसा न घालता. मला तर हेवा वाटतो.

सव्वादोन | रविवार, सकाळी १०:१५

धाग्यात वेगळा सूर लावतो, माफ करा. मला हा सिनेमा आवडत नाही, दोनदा पाहून.

शेवटी गुन्हेगार कोण? रूमी. एकेकाळची आयडॉल, आता वय झालेली, जाड झालेली. तिचा हस्तक कोण? विद्रूप चेहऱ्याचा, दात पुढे आलेला चाहता. आणि सुटते कोण? सडपातळ, सुंदर मिमा. मुलींकडे नुसतं रूप म्हणून बघणाऱ्या धंद्यावर टीका करायची आणि वाईट माणसं मात्र रूपावरूनच ओळखू यावीत अशी काढायची! शेवटच्या पाठलागात मिमाच्या पोशाखात कोंबलेली रूमी काचेत दिसते तेव्हा आपल्याला आधी किळस येते. ती किळस दिग्दर्शकाने मागून घेतली आहे आपल्याकडून.

लिफ्टमधला खून वगैरे तर सोडाच.

तिसरीघंटा | रविवार, सकाळी ११:०२

सव्वादोन, मुद्दा बिनतोड आहे. पण मी काचेचा प्रसंग उलटा वाचते. रूमी स्वतःला जशी दिसते तशी आपल्याला हवेत तरंगताना दिसते, आणि काचेत धापा टाकत धावणारी बाई. किळस आली हे खरं, पण मला त्या धापांचं फार वाईट वाटलं. शेवटी समोरून ट्रक येतो, त्याचे दिवे तिला मंचावरचे दिवे वाटतात आणि ती हसून उभी राहते. हौशी नाटकं केलेल्या माणसाला ते हसू ओळखीचं असतं.

मला खरं लिहायचंय ते मालिकेतल्या बलात्काराच्या प्रसंगाच्या चित्रीकरणाबद्दल, कारण 'हा सिनेमा ज्यावर टीका करतो तेच विकतो' असा आरोप त्यावरूनच होतो. प्रसंग भयानक आहे, मी दुसऱ्यांदा पाहू शकले नाही, पुढे ढकलला. पण एक जागा विसरता येत नाही. दिग्दर्शक 'कट' म्हणतो. दिवे, कॅमेरा काहीतरी नीट करायचं असतं म्हणून सगळे आहेत तिथेच थांबतात. तिच्यावर ओणवा झालेला नट हळूच तिची माफी मागतो. अगदी साधा, भला माणूस. ती पडल्या पडल्या म्हणते, नाही नाही, असू दे. मग पुन्हा 'ॲक्शन', आणि तिची किंचाळी. पलीकडे पडद्यावर बघत बसलेली रूमी रडत उठून जाते.

राक्षस कुणीच नाही त्या खोलीत. सगळे आपापलं काम नीट करताहेत. आमच्या तालमीत असं काही झालं नाही कधी, पण 'थांब हं, लाइट नीट करू दे, हलू नकोस' एवढं वाक्य ऐकून मंचावर ताटकळलेली मी अनेकदा आहे, आणि त्या दोन मिनिटांत माणूस म्हणून आपण कुठे असतो ते सांगता येत नाही. कोनने ती दोन मिनिटं कापली नाहीत, आणि दुसऱ्या कुणी ती ठेवली नसती.

नाक्यावरचा | रविवार, दुपारी १:४०

ते 'ब्लॅक स्वान'वाल्या दिग्दर्शकाने याचे हक्क विकत घेतले होते ना? टबमधला शॉट जसाच्या तसा वापरता यावा म्हणून? सगळीकडे तेच लिहिलेलं असतं.

रेघोटी | रविवार, दुपारी २:१०

नाही रे, ती दंतकथा आहे. २००१ मध्ये कोन आणि तो दिग्दर्शक, डॅरन अरोनोफ्स्की, भेटले होते, कोनने स्वतःच त्याबद्दल लिहून ठेवलंय. हक्क घेणं जमलं नाही असंच अरोनोफ्स्कीने सांगितलं. मिमा टबात अंग मुडपून पाण्याखाली ओरडते तो शॉट 'रेक्विम फॉर अ ड्रीम' (२०००) मध्ये जवळपास तसाच आहे आणि ती मानवंदना असल्याचं त्याने कोनपाशी मान्य केलं होतं. 'ब्लॅक स्वान' (२०१०) च्या बाबतीत मात्र साम्य आहे, प्रभाव नाही, अशी त्याची भूमिका. आता दोन्ही पाहा आणि काय ते ठरवा.

मॅडोनानेही २००१ च्या दौऱ्यात या सिनेमाचे तुकडे मंचामागच्या पडद्यावर वापरले होते. पण हे सगळं ऐकलं की मला जरा वैताग येतो. अमक्या गोऱ्याने उचललं म्हणून सिनेमा मोठा, असं होऊन बसतं. कोनचं मोठेपण पाहायचं तर त्याचाच पुढचा सिनेमा पाहा, 'मिलेनियम ॲक्ट्रेस'. तोच लेखक, तीच आठवणीतून सिनेमात आणि सिनेमातून आठवणीत उडी, फक्त इथे ज्या उडीने जीव घुसमटतो त्याच उडीने तिथे बाई मोकळी होते. २०१० मध्ये स्वादुपिंडाच्या कर्करोगाने गेला तेव्हा ४६ वर्षांचा होता. चार सिनेमे, एक मालिका, आणि पाचवा अर्धवट.

निशी_कासाईकर | रविवार, संध्याकाळी ६:२५ (इथल्या वेळेने रात्रीचे नऊ पंचावन्न)

उशिरा आलो. टोकियोत सात वर्षं झाली, आयटीतच, दुसरं काय. आयडॉल प्रकरणाबद्दल जे डोळ्यांनी पाहतो ते सांगतो, कारण त्याशिवाय मिमाचं भय नीट पोचत नाही.

आयडॉल म्हणजे गायिका नव्हे. सूर थोडा इकडेतिकडे झाला तर उलट बरं, कारण विकायचं असतं ते तिचं 'अजून शिकतेय' असणं. चाहता तिला मोठं होताना बघण्यासाठी पैसे देतो. आणि अट एकच, तिने फार मोठं व्हायचं नाही. सिनेमा आला तेव्हा ऐंशीच्या दशकातली लाट ओसरली होती, त्या काळाला इथे 'आयडॉलचा हिवाळा' म्हणतात. म्हणून तर मिमाला अभिनयात ढकलतात.

मग डिसेंबर २००५ मध्ये टोकियोतल्या अकिहाबारात एका दुकानाच्या आठव्या मजल्यावर 'एकेबी फॉर्टीएट' या आयडॉल गटाचं थिएटर सुरू झालं. घोषणा काय, 'जिला जाऊन भेटता येतं अशी आयडॉल'. सीडीबरोबर हस्तांदोलनाचं तिकीट. एकेक माणूस एकाच गाण्याच्या ढीगभर सीडी घेतो, काही सेकंद हात हातात मिळावा म्हणून. त्याहून छोटे तळघरातले गट असतात, तिथे कार्यक्रमानंतर पैसे भरून तिच्यासोबत पोलरॉइड काढून मिळतो. ऑफिसातला एक सहकारी मला एकदा घेऊन गेला होता. रांग अतिशय शिस्तीची. पुढचा माणूस खिशातून आधीच्या पोलरॉइडांची चळत काढून तिला तारीखवार दाखवत होता आणि ती प्रत्येकाला 'हो, आठवतंय' म्हणत होती. माणूस सभ्य होता, ती हसतमुख होती. मला बाहेर येऊन मोकळी हवा घ्यावी लागली.

सिनेमाच्या सुरुवातीला तो चाहता आपला तळहात डोळ्यांसमोर असा धरतो की लांब मंचावर नाचणारी मिमा त्याच्या हातावर नाचतेय असं दिसतं. तो शॉट मला त्या रांगेत आठवला.

आणि हे नुसतं रूपक राहिलं नाही. २०१३ मध्ये एका आयडॉलने डोकं भादरून कॅमेऱ्यासमोर रडत माफी मागितली, गुन्हा काय तर मित्राच्या घरून सकाळी बाहेर पडताना एका साप्ताहिकाने तिचा फोटो छापला. २०१४ मध्ये हस्तांदोलनाच्या कार्यक्रमात करवत घेऊन आलेल्या माणसाने दोघींना जखमी केलं. २०१६ मध्ये टोकियोत एका तरुण गायिकेवर चाहत्याने चाकूने वार केले. त्याआधी तो तिला समाजमाध्यमांवर सतत संदेश पाठवत होता. पाठलागाविरुद्धचा कायदा इथे २००० सालीच झाला होता, पण त्यात समाजमाध्यमांवरचे संदेश बसत नव्हते. त्या वर्षअखेरीस दुरुस्ती करून ते आणले. सिनेमात फॅक्स यंत्रातून 'गद्दार, गद्दार' छापलेला कागद सरसरत बाहेर येत राहतो ना, त्या फॅक्सला कायद्यात पहिल्यापासून जागा होती, त्याच्या आजच्या रूपाला मिळायला एवढी वर्षं गेली.

खडीसाखर | रविवार, संध्याकाळी ७:०३

निशी_कासाईकर, पोलरॉइडच्या चळतीचा किस्सा वाचून हातातला चहा गार झाला. 'हो, आठवतंय.' अरे देवा.

खुर्चीपलीकडे | रविवार, रात्री ८:५०

समुपदेशनाचं काम करते, म्हणून या सिनेमावर दोन प्रकारांनी राग-लोभ आहे.

राग आधी. मालिकेतली मानसतज्ज्ञ बाई दुभंगलेल्या व्यक्तिमत्त्वाचं जे स्पष्टीकरण देते ते ऐकून लोकांना वाटतं, 'हां, मिमाला हेच झालंय.' दिग्दर्शकाने ते चकवा म्हणून ठेवलंय हे मान्य, पण शेवटी रूमीला तेच चिकटवून इस्पितळात बसवलंच. या आजाराची माणसं प्रत्यक्षात स्वतःला इजा करून घेण्याची शक्यता कितीतरी जास्त. सुरा घेऊन दुसऱ्यांमागे धावणं हे सिनेमावाल्यांचं. रुग्णाच्या घरच्यांना हे समजावताना आमचा घसा बसतो.

आता लोभ. मालिकेचं नाव 'डबल बाइंड' उगाच नाही. ग्रेगरी बेटसन आणि सहकाऱ्यांनी १९५६ मध्ये मांडलेली कल्पना आहे. ज्याच्यावर आपण अवलंबून आहोत तो माणूस एकाच वेळी दोन उलट आज्ञा देतो, त्यातली विसंगती बोलून दाखवायची सोय नसते आणि तिथून निघूनही जाता येत नाही. स्किझोफ्रेनियाचं कारण म्हणून ती कल्पना आज टिकलेली नाही, पण घराघरातल्या बोलण्याचं वर्णन म्हणून अचूक आहे.

ऑफिसातला प्रसंग आठवा. मालक ताडोकोरो आणि रूमी मिमाच्या भवितव्यावर तावातावाने भांडताहेत, मिमा मध्ये बसलेली. एक म्हणतो अभिनय, दुसरी म्हणते गाणं. दोघंही तिच्या भल्याचंच बोलताहेत. शेवटी ती म्हणते, 'मी करते.' सगळे सुटकेचा श्वास सोडतात, निर्णय तिने घेतला! माझ्याकडे येणाऱ्या निम्म्या मुली हेच वाक्य घेऊन येतात. "कुणी जबरदस्ती नाही केली हो, मीच हो म्हटलं." त्या 'मीच'मध्ये काय काय दडलंय ते सोडवायला महिनोन्‌महिने लागतात. मूळ लेखातला 'मी कोण लिहितंय' हा प्रश्न म्हणून मला फार पटला. पानावरचा 'मी' रूमीने लिहिला, पण ऑफिसातला 'मी करते' तरी मिमाने कुठे लिहिला होता?

सव्वादोन | रविवार, रात्री ९:३०

हा प्रतिसाद वाचून सिनेमा थोडा सुधारला माझ्यासाठी. थोडाच.

पण मग शेवटाचं काय? आरशात बघून "मी खरीच आहे" म्हणते आणि संपलं. एवढा गुंता करून एक चुरचुरीत वाक्य.

तिसरीघंटा | रविवार, रात्री ९:५२

त्याआधीचे अर्धे मिनिट पाहा. इस्पितळात परिचारिका कुजबुजतात, ही ती मिमा का? छे, ती कशाला येईल इथे, हिच्यासारखी दिसणारी कुणी असेल. मिमा ते ऐकते आणि दुरुस्त करायला जात नाही. गाडीत बसते, गॉगल काढते, आणि मग मागच्या आरशात बघून ते वाक्य. परिचारिकांना सांगायचं ते आरशाला सांगते. विजयाचं वाक्य असतं तर सरळ कॅमेऱ्यात बघून घेतलं असतं. आणि ही बाई आता यशस्वी अभिनेत्री आहे, म्हणजे वाक्य उत्तम घेणारच!

खडीसाखर | रविवार, रात्री १०:१०

मला ते वाक्य दर वेळी वेगळं ऐकू येतं. हॉस्टेलवर असताना टाळ्या वाजवल्या होत्या आम्ही. परवा वाटलं, थोडं जास्तच आनंदी आहे. सव्वादोन, गुंता सुटला नाही ही तक्रार असेल तर ती मलाही आहे, फक्त मी ती गुणांत मोजते.

नाक्यावरचा | रविवार, रात्री १०:३४

अवांतर: जपानी आवृत्तीत रूमीचा आवाज रिका मात्सुमोतोंचा आहे. पोकेमॉनमधल्या ॲशचा मूळ जपानी आवाजही त्यांचाच. आता झोपा.

रेघोटी | रविवार, रात्री १०:४०

का सांगितलंस हे!

शिळी_भाकरी | सोमवार, रात्री १:१५

पाहिला. एकटीने, हेडफोन लावून, ही चूक झाली.

सगळे प्रतिसाद आत्ता वाचून काढले. मला कुणीच न लिहिलेली एक गोष्ट लिहायची आहे. ती खोली. इवलीशी, पलंग, खिडकी, भिंतीवर पोस्टर, माशांची टाकी. घरी आली की पहिलं काम माशांना खाऊ घालणं. खून, रक्त वगैरे मी कुशनआडून पाहिलं, पण शेवटाकडे ती एका खोलीत जागी होते, सगळं तिचंच दिसतं, आणि भिंतीवरचं पोस्टर आणि टाकीतले जिवंत मासे बघून तिला कळतं की ही माझी खोली नव्हेच, कुणीतरी हुबेहूब मांडलेली आहे, तिथे मी ओरडले. नवरा उठून आला. त्याला काय सांगणार, मासे जिवंत आहेत म्हणून घाबरले?

खडीसाखर | सोमवार, सकाळी ८:०५

आणि वेबसाइटचं नावच 'मिमाची खोली'. हे मला तीनदा पाहून दिसलं नव्हतं. चौथ्यांदा बघावा लागणार. शिळी_भाकरी, झोप लागली का?

शिळी_भाकरी | सोमवार, सकाळी ११:२०

चारला. दिवा चालू ठेवून.